बारा वाजायच्या आत हजर

डिलाईल रोड,
९ जून २०२५

गुणवंतीस जाईबाईचा नमस्कार.

ओळख पटते का गो? पटायची नाही. तुझी आठवण किती पक्की ते मला ठाऊक आहे. चाळीस वर्षं आमच्या चाळीत मासळी विकलीस आणि रोज म्हणालीस, "हा शेवटचा वाटा, बाय, तुझ्यासाठीच ठेवलाय." मागून पाटीतून आणखी तीन वाटे निघायचे. ते ठेवल्याचं तू विसरलेली असायचीस. म्हणून सांगते. मी दुसऱ्या मजल्यावरची, कोपऱ्यातल्या खोलीतली, जिनं तू सांगितलेल्या पहिल्या भावाला कधी मान डोलावली नाही ती जाईबाई.

फोन का केला नाही म्हणशील. फोनवर मला ऐकू येत नाही आणि तू ऐकून घेत नाहीस. म्हणून पत्र. बोलते मी, लिहितो माझा नातू हितू. त्याला तरी विसरली नसशील. तुझी नात किर्ती आणि तो एकाच दिवशी एकाच सरकारी कार्यालयात लागले आणि चौदा वर्षं एका टेबलावर डबा खात आले.

आता खात नाहीत. म्हणून हे पत्र.

गेल्या आठवड्यात त्यांच्याकडे ज्येष्ठता यादी लागली. कोण कुणाच्या वर आणि कोण कुणाच्या खाली, हे सरकार कागदावर लिहून भिंतीला लावतं. त्यात किर्ती अकरावी आणि हा बारावा. वरच्या दहांचं आधीच झालंय, आता अधीक्षकाची एकच जागा रिकामी होते आहे, ती अकराव्याला मिळणार. मी म्हटलं, "अरे, एका नंबरानं काय आभाळ कोसळतं?" तर मला तासभर शिकवलं. जेवढं कळलं तेवढं सांगते. चुकलं तर लिहिताना तो सुधारेल, मला सुधारायची त्याला सवय आहे.

लिपिक म्हणून लागले तेव्हा यादीत हा वर होता, ती खाली. मग वरिष्ठ लिपिकाची एक जागा आली, ती राखीव वाट्याची. त्यांच्याकडे बिंदू घातलेली नामावली असते म्हणे, कुठली जागा कुणाची ते आधीच ठरलेलं. त्या बिंदूवर किर्ती वर गेली. हा गेला तीन वर्षांनी. आता हा म्हणतो, "मुळात मी ज्येष्ठ. ती आधी वर गेली ते बिंदूमुळे. आता मीही वर आलो, तर माझा नंबर मला परत द्या." ती म्हणते, "तीन वर्षं मी त्या खुर्चीत बसून काम केलं, ती कुठं गेली?" हरकत घ्यायला पंधरा दिवस आहेत आणि हा घेणार आहे. मला दोघांचंही पटलं, तर हा मला विचारतो, "आजी, तू नक्की कुणाची आजी आहेस?"

हितू सांगतो की किर्ती त्याला सगळ्यांदेखत म्हणाली, "तुझ्या आजीनं तुला डोक्यावर बसवलंय, कार्यालय नाही बसवणार." म्हणाली असेल तर रागावू नकोस तिला, त्यात खोटं काही नाही. पण का म्हणाली, ते विचारून कळव. आमच्या ह्यानं आधी काही बोलल्याशिवाय ती बोलायची नाही.

पत्र टपालात टाकत नाही. दोघांच्या टेबलांत चार पावलांचं अंतर, पण ती चार पावलं ह्याला चालवत नाहीत. म्हणून रमाकांत शिपायाच्या हाती देणार आहे.

जाईबाई
(डाव्या हाताचा अंगठा)

—

माहीम कोळीवाडा,
१३ जून २०२५

जाईबाय,

तुझं पत्र पोचलं. रमाकांतनं बघितलं, बंद कागद एका टेबलावरनं दुसऱ्या टेबलावर चाललाय, तर त्यानं तो आवक वहीत चढवला नि वर शिक्का मारला. तुझ्या पत्राला आता नंबर हाय, चारशे बारा. किर्ती वाचत होती नि मी हसत होते. ती नाय हसली.

ही मला विचारते, शुद्ध लिहू का. मी बोलले, मी बोलते तसंच लिही, नायतर जाईला वाटेल दुसरीच कोण बोलते.

शेवटच्या वाट्याचं तुला कळत होतं तर चाळीस वरसं घेत का होतीस ते आधी सांग.

आता तू विचारलंस ते. किर्ती बोलली. बोलली म्हंजे बोललीच. पण त्याच्या आधी तुझा हितू चार माणसांत तिला काय बोलला, ते त्यानं तुला सांगितलं नाय. तो बोलला, "आम्ही रांगेत उभे राहायचं आणि तुम्हाला मागचं दार."

मागचं दार. जाई, तुमच्या चाळीत मी कुठच्या जिन्यानं यायची? पाटीचं पाणी पुढच्या जिन्यावर गळतं म्हणून तुमच्या सभेनं ठरवलं होतं, कोळणींनी मागच्या जिन्यानं चढायचं, मोरीकडच्या. तिथं दिवसासुद्धा काळोख नि पायरीला शेवाळ. डोक्यावर पाटी घेऊन मी दोनदा पडले. तक्रार नाय केली, धंदा करायचा होता. पण माझी नात परीक्षा दिऊन, पास होऊन, सरकारच्या पुढच्या दारानं आत गेली. वर गेली तीपण कायद्यानं. ती राखीव जागा आमच्या वाट्याला उगाच नाय आली. नि तिला मागचं दार बोलणारा कोण, तर जिन्यावरनं "गुणाआजी, आज काय आणलंस" म्हणत माझ्या पाटीशी धावणारा तुझा हितू.

ती घरी येऊन रडली नाय. तिनं तेच कपडे तीन वेळा धुतले.

मी तुझ्यावर रागावले नाय. पण ह्या गोष्टीचं उत्तर मला पायजे. घाई नाय. मासेमारीला बंदी हाय, नावा शाकारून ठेवल्यात, माझा लेक हरेश्वर जाळी विणत बसलाय, मला येळच येळ हाय. ताजं काय नाय म्हणून सुका जवळा पाठवते.

गुणवंती

—

डिलाईल रोड,
१९ जून २०२५

गुणवंते,

जवळा पोचला. पत्र मात्र अर्धंच पोचलं होतं, उरलेलं मी शोधून काढलं.

हितूनं वाचून दाखवलं. आवक नंबर झाला, जाळी झाली, जवळा झाला, संपलं म्हणाला. मी अक्षरं ओळखत नाही, पण कागद ओळखते. दोन्ही बाजूंनी भरलेला कागद दीड मिनिटात कसा संपेल? तो अंघोळीला गेला तशी शेजारच्या अपेक्षाला हाक मारली. तिनं सगळं वाचलं. जिन्यापाशी आली तेव्हा तिचाही आवाज बारीक झाला.

हा बाहेर आला. मी विचारलं, "मागचं दार म्हणालास?"

"रागात म्हणालो, आजी."

"रागात म्हणजे कुठल्या भाषेत? मराठीतच ना? तिला कळेल असंच ना?"

खाली बघत उभा राहिला, डोक्यावरून पाणी निथळत. हे सगळं आता त्यालाच लिहायला लावते आहे. लिही रे, निथळत.

जिन्याचं उत्तर माझ्याकडे आहे. त्या सभेला मी होते. बायकांना कुठं बोलू देत, असं मी इतकी वर्षं मनाशी म्हणत आले. खरी गोष्ट अशी की मला बोलू देत होते. मी बोलले नाही, कारण पाणी माझ्याच दारापुढं साचायचं. तू पडलीस तेव्हा हळद-तेल घेऊन धावले, पण जिना बदला म्हणाले नाही. हितूला दार कुठून सुचलं म्हणून मी त्याला रागे भरले, मग म्हटलं, बाई, हा तुझ्याच घरात वाढला.

आता दुसरं. हरकतीचा कागद हा काल देऊन आला. मी म्हटलं, "मला वाच. काय म्हणून तू ज्येष्ठ?" त्यात 'मध्यान्हपूर्व' असा शब्द तीनदा आला. म्हणजे काय, तर दुपारी बाराच्या आत. दोघांचे परीक्षेतले गुण सारखे, लागल्याची तारीख एकच. पण हजर झाल्याच्या कागदावर ह्यानं लिहिलं मध्यान्हपूर्व, आणि किर्तीनं लिहिलं मध्यान्होत्तर. त्या अर्ध्या दिवसावर हा वर आणि ती खाली.

मी विचारलं, "तो दिवस कुठला?"

म्हणाला, "गौरी जेवायचा."

गुणवंते, माझ्या हातातला जवळा निवडायचा राहिला. हितू, आता मी सांगते ते गपचूप लिही, मध्ये बोलू नकोस.

आमच्या कोकणातल्या गौरीला तिखटाचा नैवेद्य लागतो, हे तुला सांगायला नको. गणपतीपुढं पडदा ओढायचा आणि गौरीला चिंबोरीचं कालवण वाढायचं. त्या वर्षी आठवडाभर आधी तू मागच्या जिन्यावर पडली होतीस. पाय सुजलेला. मग चिंबोऱ्या घेऊन किर्ती आली. सकाळी नऊला. नवा पंजाबी ड्रेस, काखेत कागदांची फाईल. हितूच्या हातावर दही घालून मी त्याला नुकताच पाठवला होता. ती पिशवी दारात ठेवून पळणार, एवढ्यात पिशवी कलंडली आणि दोन चिंबोऱ्या खाटेखाली गेल्या. मी ओरडते आहे, आणि ती पोर ओढणी कमरेला खोचून खाटेखाली. दोन्ही पकडल्या. मग म्हणाली, "आजी, तुम्हाला नांग्या मोडता येणार नाहीत," आणि आठही साफ करून दिल्या. मग म्हणाली, "निघते, हजर व्हायचंय."

मी काय म्हटलं असेन? मी म्हटलं, "सरकार कुठं पळून चाललंय? गौर जेवल्याशिवाय तू माझ्या घरातून उपाशी जायची नाहीस." आणि दाराला आडवी बसले. खरीच बसले गो, उंबऱ्यावर. पोर निघाली साडेबाराला.

कार्यालयात ह्यानं तिला विचारलं होतं, उशीर का. "बस चुकली," म्हणाली. चौदा वर्षं ह्याला तेच माहीत.

तेव्हा ह्याची ज्येष्ठता ही सगळी माझ्या आठ चिंबोऱ्यांची आहे.

हितूचा पेन थांबलाय. लिही, पेन थांबलाय.

जाईबाई
(अंगठा)

किर्ती, हे खालचं मी आजीला वाचून दाखवणार नाही. मला माहीत नव्हतं. तू सांगायला हवं होतंस, पण सांगितलं असतंस तर मी हसलो असतो, हेही खरं. मागच्या दाराचं बोललो त्याला कारण नाही, सबबही नाही. माफ कर. सोमवारी हरकत मागे घेतो. – हितेंद्र

—

माहीम कोळीवाडा,
२१ जून २०२५

जाईबाय,

दोन चिंबोऱ्या खाटेखाली. अगो, मी एवढी हसले की हरेश्वर जाळं टाकून धावत आला, म्हाताऱ्येला काय झालं म्हणून. मी आठ मोजून दिलेल्या, तू मागनं हिशेबाला बोललीस "सात होत्या." आता कळलं मला, तू सातच का बोललीस ते. एक तू किर्तीलाच वाढलीस.

मी हिला विचारलं, "का गो, मला पण बोलली नायस?" तर म्हणते कशी, "आजी, त्या दिवशी पहिलं पान गौरीचं नि दुसरं माझं होतं. पाटावर बसवून वाढलं मला. त्यांच्या घरातलं कोणपण तवर जेवलं नव्हतं. मग मी कुणाला सांगू की ह्यांच्यामुळं उशीर झाला?"

जिन्याचं. तू सभेला होतीस हे मला तवाच कळलं होतं. तुमच्या खालच्या मजल्यावरचा भिवा बोलला होता. तू आपल्या तोंडानं कधी बोलतेस त्याची वाट बघत होते. चांगली वाट बघायला लावलीस. पण बोललीस. आता ते माझ्याकडनं संपलं.

आणखी एक. तुझ्या अंगठ्याच्या खाली बारीक अक्षरात चार ओळी होत्या. त्या तुला कोण वाचून दाखवणार नाय, म्हणून मी सांगते. तुझ्या नातवानं माफी मागितलीय नि हरकत मागे घेतो बोललाय. आता खाली किर्ती तिचं लिहिते. तिनं मला वाचून दाखवलंय, आमच्याकडे चोरून काय नसतं.

गुणवंती

हितेंद्र,
माफी पोचली. हरकत मागे घेऊ नकोस. तू मागे घेतलीस तर जन्मभर लोक म्हणतील, मित्रानं जागा सोडली म्हणून किर्ती अधीक्षक झाली. राखीव जागा ही कुणाची मेहेरबानी नाही, हे मी वर गेल्यापासून नऊ वर्षं टेबलावर बसून लोकांना दाखवत आले. आता तुझी मेहेरबानी त्यावर चढवू नकोस. सुनावणी होऊ दे. तू तुझी बाजू मांड, मी माझी मांडते. निकाल तुझ्या बाजूनं लागला तर पेढे मी आणीन, आणि दोन दिवस तुझ्याशी बोलणार नाही. तिसऱ्या दिवशी बोलेन.
चिंबोरीचा विषय तिथे काढायचा नाही.
– किर्ती

—

डिलाईल रोड,
२३ जुलै २०२५

गुणवंते,

महिना झाला, पत्र नाही म्हणून मनातल्या मनात चार शब्द सुनावले असशील मला. सुनावणी होईपर्यंत तोंड उघडायचं नाही, असं ठरवलं होतं. मला ते किती जड गेलं, हे चाळीतल्या कुणालाही विचार.

सुनावणी शुक्रवारी झाली. हितूनं घरी येऊन सांगितलं, "झाली." एवढंच. मग रविवारी मी रमाकांतला जेवायला बोलावलं. दुसरी वाटी सोलकढी पोटात गेल्यावर त्यानं सगळं सांगितलं. आज लिहायला अपेक्षा बसली आहे, कारण हितू म्हणाला की हे पत्र तो लिहिणार नाही.

मोठ्या बाईसाहेब सुनावणीला बसल्या होत्या. एका बाजूला हा, दुसऱ्या बाजूला किर्ती, दोघांपुढं फायली. बाईंनी ह्याला विचारलं, "मूळ पदात तुम्ही ज्येष्ठ, ह्याला आधार?"

"हजर अहवाल, मॅडम. मी मध्यान्हपूर्व, त्या मध्यान्होत्तर."

"आणखी काही मांडायचंय?"

किर्ती ह्याच्याकडे डोळे मोठे करून बघते आहे, नको म्हणून. आणि हा म्हणाला, "आहे, मॅडम. त्यांना उशीर झाला तो माझ्या आजीमुळे." आणि सगळं सांगितलं. खाट, पिशवी, मी उंबऱ्यावर आडवी, सगळं. किर्तीनं फाईलमागं तोंड लपवलं.

रमाकांत म्हणतो, बाईसाहेबांनी चष्मा काढला. म्हणाल्या, "किती होत्या?"

"आठ."

"आतून भरलेल्या?"

तशी फाईलमागून किर्ती म्हणाली, "भरलेल्या होत्या, मॅडम. आमच्याकडच्या होत्या."

मग काय, आस्थापनेचा तो घुम्या कारकूनसुद्धा हसला म्हणे, ज्याला त्याच्या लग्नातही कुणी हसताना बघितलं नाही.

बाई पण शहाणी. हसून झाल्यावर चष्मा घातला आणि म्हणाल्या, "हे टिपणीत घेता येणार नाही. नियमांत चिंबोरी नाही. कोण किती वाजता जेवलं ह्यावर मी यादी लावणार नाही, आणि अर्ध्या दिवसावरही लावणार नाही. वरिष्ठ लिपिकाच्या पदावर त्या तीन वर्षं आधी गेल्या. त्यांच्या हक्काच्या बिंदूवर गेल्या, आणि तीन वर्षं काम केलं. यादी आहे तशी राहील." मग ह्याला विचारलं, "स्वतःच्या विरुद्ध जाणारी गोष्ट आपण होऊन का सांगितलीत?"

हा म्हणाला, "घरी आजी लिहायला लावते, मॅडम. एकदा लिहून झालं की माहीत नव्हतं असं म्हणता येत नाही."

मी रमाकांतला तिसरी वाटी दिली.

आता हितूचं. त्याला वाईट वाटलं नाही असं लिहिलं तर तू हसशील. चार दिवस अर्धी भाकरी टाकून उठत होता. काल मला म्हणाला, "आजी, ती जागा मला हवी होती गं." मी म्हटलं, "ठाऊक आहे." तो म्हणाला, "पण हरकत दिल्यापासून महिनाभर झोप लागत नव्हती, ती रात्री लागली." आणि पाच भाकऱ्या खाल्ल्या. हरलेला माणूस पाच भाकऱ्या खातो हे मी पहिल्यांदा बघितलं.

आणि माझंही एक काम झालं. परवा चाळीत गणपतीची सभा होती. सगळ्यांचं बोलून झाल्यावर मी उभी राहिले. म्हटलं, कोळणींनी मागच्या जिन्यानं यायचं असा जुना ठराव वहीत आहे, तो खोडा. धनेश, तो आमचा सेक्रेटरी, म्हणाला, "आजी, आता कोळीण येते कुठं? लोक फोनवर मासळी मागवतात. आणि हा आजचा विषय नाही."

मी म्हटलं, "मग चहाला आलं किती घालायचं ह्यावर वीस मिनिटं झाली, तो विषय आहे?"

खोडला. खाली नवीन लिहिलं, पुढचा जिना सगळ्यांना. अपेक्षानं वाचून खात्री करून दिली. तुझ्या गुडघ्यांना आता कुठलाच जिना झेपणार नाही, हे मला कळतं. पण पुढच्यांच्या हाती जाणारी वही बरोबर असावी.

जाईबाई
(अंगठा)

—

माहीम कोळीवाडा,
१२ ऑगस्ट २०२५

जाईबाय,

किर्तीची ऑर्डर गुरुवारी निघाली नि शुक्रवारी नारळी पुनव. आमच्याकडे काय झालं असेल ते तू डोळे मिटून बघ. बँडवाल्यांना बोलावलं पुनवेसाठी, त्यांनी अर्धा येळ वाजवलं अधीक्षक मॅडमसाठी. हरेश्वरनं नावेच्या नाकाडावर हार घातला नि दुसरा लेकीच्या गळ्यात. मला विचारतो, "आये, आता हिला घरी काय हाक मारायची?" मी बोलले, "बिलं भरायची असली की मॅडम, भांडी घासायची असली की किर्ती."

तुझा हितू आला होता. पेढे घेऊन आला, सगळ्यांच्या पाया पडला, माझ्यापुढं आला तर उभाच राहिला. बोलायला गेला, तर पेढ्याचा पुडाच पुढं केला. मी त्याचा कान धरला, लहानपणी धरायची तसा, नि त्याला नाचणाऱ्यांत ढकलला. नाच नाय येत त्याला. पण लाज पण नाय, त्यामुळं शोभला.

आता ऐक गंमत. किर्ती खुर्चीत बसली, तर टेबलावर पयला कागद कुठला? हितेंद्रचा रजेचा अर्ज, गौरीसाठी दोन दिवस. हिनं त्यावर शेरा मारला, "कारण सविस्तर नमूद करावे." त्यानं दुसरा कागद जोडला, दोन्ही बाजूंनी भरलेला. हिनं तो सगळ्या कार्यालयाला वाचून दाखवला म्हणे. अर्ज अजून टेबलावर हाय. सही नाय केली, म्हणते जरा भिजू दे.

डबा परत एका टेबलावर आलाय. तो तिला मॅडम मॅडम करतो, ती चिडते. शेवटी ठरलंय, डबा उघडा असेपर्यंत मॅडम बोलायचं नाय.

रातीला मात्र ही माझ्या पायाशी बसली नि बोलली, "आजी, उद्या मी काय चुकले तर लोक बिंदूचं नाव घेतील, माझं नाय." मी काय सांगू तिला? तू कायतरी सांग. तुझं ती ऐकते. तुझ्यासाठी खाटेखाली गेली होती.

गुणवंती

—

डिलाईल रोड,
१८ ऑगस्ट २०२५

श्रीमती किर्ती मॅडम, अधीक्षक, ह्यांना जाईबाईचा आशीर्वाद.

हितू म्हणतो, घरच्या पत्रातही मॅडम लिहायचं का? मी म्हटलं, डबा उघडा दिसतोय का तुला? लिही.

पोरी, तुझ्या आजीनं मला तुला काही सांगायला सांगितलं आहे. मी काय सांगणार? मी एकही यादी वाचलेली नाही. पण माझा नवरा गिरणीत होता, तिथला जॉबर म्हणजे मुकादम चुकला की लोक त्याला शिव्या द्यायचे, आणि चुकला नाही तरी द्यायचे. खुर्चीवर बसणाऱ्याचा तो भत्ता आहे. तू चुकशील तेव्हा कुणी बिंदूचं नाव घेतलं, तर त्याला सांग की बिंदूनं मला दारात आणलं, आत शिरून नऊ वर्षं काम केलं ते मी. आणि हे सांगायलाही फार वेळ घालवू नकोस. पुढची फाईल घे.

पुढच्या वर्षी आणखी एक जागा रिकामी होते आहे म्हणे, आणि आता पाळी बाराव्याची. त्याची फाईल तुझ्यासमोर येईल. तेव्हा तो माझा नातू आहे हे विसर. काम चांगलं असेल तर चांगलं लिही, नसेल तर तसं लिही. हे मी त्याच्याच हातानं लिहून घेते आहे. कानाच्या पाळ्या लाल झाल्यात त्याच्या, पण लिहितो आहे.

रजेचं. दोन दिवसांची मागितली आहे त्यानं. एकच दे. गौरी जेवतात त्या दिवशी घरात कामाचा आहे, दुसऱ्या दिवशी नुसता पायात येतो. तू मात्र पूर्ण दिवसाची टाक. हरेश्वरला आण, आजीला टॅक्सीत घालून आण. वर चढवायला चाळीतली चार पोरं खुर्ची घेऊन खाली उभी राहतील, मी सांगून ठेवलंय. तिला म्हणावं, नाटकं करू नकोस, गपचूप बस खुर्चीत.

पेढे पाठवू नका. हितूनं आणलेलेच अजून संपत नाहीत आणि मला दात चार.

श्रावण शनिवारी संपतो. रविवारी सकाळी ओले बोंबील पाठव. हितूसाठी बारा, माझ्यासाठी सहा, अपेक्षालाही दोन लागतील. साफ करून पाठव, पण पाणी काढू नको, पाट्याखाली मी दाबीन, मला माझ्या हाताचं लागतं. आणि आजीला बजाव, वर मोठे आणि खाली बारके असं रचू नकोस. मला अक्षर वाचता येत नाही, बोंबील येतो.

जाईबाई
(अंगठा)